पोच : अकरा वाजून पाच मिनिटे

८ जानेवारी, सोमवार

टक्. टक्-टक्. टक्.

गुरुजींच्या लाकडी पट्टीचा आवाज. सत्तर वर्षं उलटून गेली त्याला, पण आज सकाळी अगदी कानाशी वाजला. चौथीचा वर्ग, कवितेचा तास, खिडकीजवळच्या बाकावर मी. गुरुजी टेबलाच्या कडेवर पट्टीने ठेका धरायचे आणि आम्ही चाळीस पोरं एका सुरात नावाड्याची कविता म्हणायचो :

नाव निघाली पैलतिराला, वल्ह्यामधुनी गाणे
जाणाऱ्याने मागे वळुनी पुन्हा पुन्हा पाहाणे

अकरा कडवी. एकही विसरलेलो नाही.

अंथरुणात पडल्या पडल्या तिसऱ्या कडव्यापर्यंत आलो, तेव्हा लक्षात आलं की टक्-टक् खरोखरच चालू आहे. स्वयंपाकघरात माई चमच्याने दुधाचं भांडं खरवडत होती. दूध करपून भांडं काळंठिक्कर झालेलं. ही नवी भांडी फार पातळ असतात. मी तसं म्हणालो, ती हो म्हणाली. मग तिने गॅसची दोन्ही बटणं उपसून पर्समध्ये टाकली आणि कामावर गेली. हल्ली लोक कशाची चोरी करतील सांगता येत नाही.

माई माझी एकुलती लेक. लहानपणी बाहुल्यांवर हुकूम सोडायची, म्हणून तिच्या आईने हे नाव ठेवलं आणि तेच चिकटलं. आता अठ्ठेचाळीस वर्षांची आहे. सरकारी पाणी तपासणी प्रयोगशाळेत तंत्रज्ञ. गावोगावच्या विहिरींचं, टाक्यांचं पाणी बाटल्यांतून येतं आणि ते पिण्याजोगं आहे की नाही ते माई सांगते. प्रयोगशाळेच्या मागे, त्याच आवारात, आमचं सरकारी क्वार्टर. दोन खोल्या, पुढे लोखंडी जाळीचं दार. तिच्या टेबलाजवळच्या खिडकीतून हे दार दिसतं. तासातासाला ती खिडकीत येते, मी हात हलवतो. नाही हलवला तर पाच मिनिटांत इथे हजर. लहानपणापासून बापाला चिकटलेली, ती सवय गेली नाही.

१० जानेवारी, बुधवार

माईची बदली झाली. प्रशासकीय कारणास्तव. मूळ मुदत तीन वर्षांची, हिला इथे येऊन पुरतं दीड वर्षही झालं नाही. नवं ठिकाण इतकं लांब की दोन गाड्या बदलाव्या लागतात आणि मग पुढे जे मिळेल ते. तिथे क्वार्टर नाही, धड दवाखानाही नाही. हिच्या जागी तिकडचाच एक तंत्रज्ञ येतो आहे, त्याच्या स्वतःच्या विनंतीवरून. याच्या विनंतीसाठी हिला उचललं, असं माईचं म्हणणं.

आदेश मी वाचला. छत्तीस वर्षं सरकारी कचेरीच्या आवक-जावक टेबलावर काढली, असे कागद हजारांनी बघितले. मसुदा चांगला आहे. संदर्भ ओळीने दिले आहेत, प्रती कुणाकुणाला तेही नीट. फक्त तारीख हाताने खोडून पुन्हा घातली आहे. माईला ते दाखवलं. ती म्हणाली, बाबा, त्याने काय होणार.

काही होणार नाही. पण खाडाखोड ती खाडाखोड.

११ जानेवारी, गुरुवार

संध्याकाळी वकीलबाई घरी आल्या. बुटक्या, भरभर बोलणाऱ्या, चहात बुडवलेलं बिस्कीट तुटून खाली गेलं तरी लक्ष नाही. न्यायाधिकरणात अर्ज करायचा म्हणतात. मुदतीआधीची बदली, कारण दिलेलं नाही, घरी आजारी माणूस, एवढे मुद्दे पुरे आहेत.

एका गोष्टीवर मात्र त्यांनी तीनदा बोट आपटलं. स्थगिती मिळेपर्यंत माईच्या हातात कार्यमुक्तीचा कागद पडता कामा नये. एकदा का तो घेतला की माई इथली राहिली नाही, आणि जी इथली नाही तिला इथेच ठेवा म्हणून कोण सांगणार? म्हणून माईने उद्यापासून रजेवर जायचं, आणि घरी कुणी कागद घेऊन आलं तर दार उघडायचं नाही.

मी म्हणालो, सरळ मार्ग दिसतो. वकीलबाई हसल्या आणि माईकडे बघत राहिल्या.

१५ जानेवारी, सोमवार

अर्जाची प्रत वाचली. सातवा परिच्छेद माझ्यावर आहे. ‘अर्जदाराचे वडील, वय ८१, हे विस्मृतीच्या आजाराने ग्रस्त असून त्यांना क्षणभरही एकटे सोडणे धोक्याचे आहे.’ सोबत डॉक्टरांचा दाखला जोडला आहे.

आधी जरा लागलं मनाला. मग माझ्यातला जुना कारकून जागा झाला. कागदात थोडं मीठमसाला घालावाच लागतो, नुसत्या खऱ्यावर सही होत नाही. माईसाठी एवढी बदनामी सोसायला काय हरकत आहे? वेळ आली तर थोडं विसरल्यासारखं करीनही. माईला तसं सांगितलं. ती माझ्या स्वेटरची बटणं लावत होती. म्हणाली, कराल ना, नक्की? एकच बटण तिने दोनदा लावलं. रजेवर असूनही तिला विश्रांती कुठे आहे?

दाराच्या आतल्या बाजूला तिने मोठ्या अक्षरांत एक कागद चिकटवला आहे. तिचं अक्षर सुरेख, माझ्यावर गेलं आहे.

१७ जानेवारी, बुधवार

आज फार बरं वाटतं आहे. किती दिवसांनी हातून काही काम झालं.

माई पहाटेच वकीलबाईंबरोबर न्यायाधिकरणात गेली. आज स्थगितीवर सुनावणी. जाताना सगळं पुन्हा पुन्हा सांगून गेली. अकराच्या सुमारास दार वाजलं. एकदाच, तेही हळू. उघडेपर्यंत प्रयोगशाळेचा शिपाई पायऱ्या उतरून निघालासुद्धा होता. मीच हाक मारून थांबवलं.

त्याच्या हातात लिफाफा होता. म्हणाला, ताई घरी नाहीत ना, मग राहू द्या बाबा, मी उद्या-परवा परत येतो. आता बघा, हे आजचे शिपाई. सरकारी कागद पत्त्यावर आला आणि घरात सज्ञान माणूस असताना परत न्यायचा? आमच्या वेळी असं केलं असतं तर हेडक्लार्कने उभं केलं असतं. मी म्हणालो, आण इकडे. तो देईना. म्हणाला, बाबा, तुम्ही झोपले होते असं मी सांगतो. मी म्हणालो, मी झोपलो नव्हतो, आणि तू खोटं का सांगणार?

शेवटी त्याने पोचवही पुढे केली. मी चष्मा लावला, पूर्ण सही केली, खाली नातं लिहिलं, तारीख घातली. घड्याळात बघून वेळही घातली : सकाळी ११ वाजून ५ मिनिटे. तो म्हणाला, वेळ नका टाकू, रकानाच नाही वेळेचा. मी त्याला समजावलं की रकाना नसला तरी वेळ टाकावी, पुढे वाद झाला तर तीच उपयोगी पडते. तो वही बगलेत मारून गेला. बहुधा पटलं असावं.

दार लावताना माईचा तो कागद दिसला. ‘बाबा, कुणाकडूनही कागद घेऊ नका. सही करू नका.’ अक्षर खरंच सुरेख आहे.

१८ जानेवारी, गुरुवार

काल माई आली ती हसत आली. न्यायाधिकरणाने सांगितलं, पुढच्या तारखेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवा. दुपारी तीन वाजता आदेश झाला. जैसे थे. किती जुनी, भारदस्त शब्दयोजना. वाटतं, कुणीतरी हात उचलून सगळ्या जगाला जागच्या जागी थांबवलं.

मी तिला लिफाफा दिला. तिने उभ्यानेच वाचला. मग विचारलं, कधी आला? मी सांगितलं, अकरा वाजून पाच मिनिटांनी, पोचवहीत नोंद आहे.

“वेळसुद्धा टाकलीत?”

मी हो म्हणालो. ती स्वयंपाकघरात जाऊन ओट्याला टेकून उभी राहिली. बऱ्याच वेळाने बाहेर आली आणि माझ्या शेजारी बसली. म्हणाली, सही चांगली आली असेल ना, बाबा. मी म्हणालो, अगदी पूर्वीसारखी.

आज वकीलबाईंचा फोन झाला. माई गॅलरीत जाऊन बोलत होती, पण आवाज आत येतच होता. तिने सांगितलं की कागद तिनेच घरात पडू दिला, तिचीच चूक. पलीकडून वकीलबाई काहीतरी मोठ्याने म्हणत होत्या. तीन वाजताचं जैसे थे म्हणजे तीन वाजता जे होतं ते, असं काहीसं. आणि तीन वाजता माई कार्यमुक्त होती.

माझ्या सहीचा याच्याशी काही संबंध आहे का, असं मी विचारलं. माई म्हणाली, नाही हो, चहा घेता का?

२३ जानेवारी, मंगळवार

ही वही चाळत होतो. पंधरा तारखेची नोंद माझ्याच अक्षरात आहे, पण लिहिल्याचं आठवत नाही. सातव्या परिच्छेदाबद्दल आहे काहीतरी. अक्षर नक्की माझंच. ‘र’ला तसा फाटा दुसरं कुणी देत नाही.

नावाड्याची कविता म्हणून बघितली. अकराच्या अकरा आली. मग जीवात जीव आला.

२ फेब्रुवारी, शुक्रवार

आज मलाही न्यायाधिकरणात नेलं. मोठी खोली, लांब बाकं, पंखे बंद असूनही सगळ्यांचे कागद फडफडतात. आपला नंबर येईपर्यंत पाच बदल्या होऊन गेल्या. एका परिचारिकेची, एका वनरक्षकाची, बाकीच्या लक्षात नाहीत. प्रत्येकाच्या घरी कुणीतरी आजारी होतं. न्यायमूर्ती मान डोलवत होते आणि पानं उलटत होते.

मग आमची पाळी. सरकारी वकील उंच, गोड आवाजाचे. त्यांनी पोचवहीचं पान वर धरलं. म्हणाले, अर्जदार सकाळी अकरा पाचला कार्यमुक्त झाल्या आहेत, तेव्हा आता जैसे थे म्हणजे कार्यमुक्तच. आणि दुसरं असं की ज्या गृहस्थांना क्षणभर एकटं सोडता येत नाही म्हणतात, त्यांचीच ही सही आहे. ठळक, सरळ रेषेत, नातं लिहून, तारीख घालून, वेळेसकट. “इतकी व्यवस्थित पोच तर आमच्या खात्यातसुद्धा कुणी देत नाही.”

लोक हसले. न्यायमूर्तींनी पान मागवून घेतलं, चष्मा वर करून पाहिलं आणि माझ्याकडे बघितलं. मी उठून नमस्कार केला. खरं सांगतो, छत्तीस वर्षांत माझ्या सहीकडे इतक्या आदराने कुणी पाहिलं नव्हतं. माईने हात धरून खाली बसवलं.

न्यायमूर्ती म्हणाले, सरकारी रुग्णालयात तीन डॉक्टरांनी वडिलांना तपासावं आणि अहवाल द्यावा. कार्यमुक्तीचा प्रश्न त्यानंतर बघू.

परतताना वकीलबाईंनी प्रतिवादी क्रमांक तीनचं उत्तर वाचून दाखवलं. तीन नंबर म्हणजे माईच्या जागी येणारा तो तंत्रज्ञ. त्याने लिहिलं आहे की त्याचे वृद्ध वडील विस्मृतीच्या आजाराने ग्रस्त आहेत, त्यांच्यावरचे उपचार फक्त इथल्या रुग्णालयात होतात, आणि त्यांना एकटं सोडता येत नाही. शब्द जवळजवळ आमच्याच परिच्छेदातले. माई म्हणाली, वाटलंच होतं, आता सगळ्यांचेच बाप आजारी पडणार. मीही मान हलवली. नुसत्या खऱ्यावर सही होत नाही, हे त्यालाही कुणीतरी सांगितलेलं दिसतं.

९ फेब्रुवारी, शुक्रवार

परीक्षा झाली. आणि पास झालो.

माईने सकाळपासून एकच धोशा लावला होता. बाबा, घरी असता तसेच राहा. नाही आठवलं तर नाही म्हणा. हसून वेळ मारून नेऊ नका. कविता म्हणू नका. मी म्हणालो, बरं.

तीन डॉक्टर होते, दोन बुवा आणि एक बाई. बाहेर रांग लागलेली. आधी आजचा वार विचारला. मी म्हणालो, निवृत्त माणसाला सगळेच रविवार. तिघेही हसले. मग कुठला महिना. मी म्हणालो, खिडकीबाहेरच्या झाडाकडे बघा, पानं झडली आहेत, ते तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं सांगेल. बाई डॉक्टर म्हणाल्या, आजोबा भारी आहेत. मग शंभरातून सात-सात कमी करा म्हणाले. असलं काही आम्हाला शिकवलं नव्हतं. मी म्हणालो, त्यापेक्षा एकोणतीसचा पाढा ऐका. ऐकवला. एकाने तोंडातल्या तोंडात गुणून पडताळा घेतला आणि तोच चुकला.

सुरुवातीला त्यांनी तीन वस्तूंची नावं सांगितली होती, शेवटी विचारू म्हणाले होते. शेवटी विचारलं. आठवेनात. एक क्षण फार विचित्र गेला. म्हणजे समोर फळा आहे, त्यावर लिहिलेलं आहे, आणि कुणीतरी ओलं कापड फिरवून गेलं आहे. तेवढ्यात बाई डॉक्टरांनी विचारलं, शाळेत काय आवडायचं? मग काय. मी टेबलावर बोटाने ठेका धरला आणि अकरा कडवी म्हणून दाखवली. एकही शब्द न अडखळता. नवव्या कडव्याला बाई डॉक्टरांचे डोळे भरून आले होते. तीन वस्तूंचं कुणी पुन्हा विचारलं नाही.

थोडं विसरल्यासारखं करायचं ठरलं होतं ना, ते बाहेर आल्यावर आठवलं. पण एकदा ठेका लागला की कुठलं सोंग.

माई बाकावर बसली होती. मी म्हणालो, पास झालो ग. ती खाली वाकून माझ्या बुटाची सुटलेली नाडी बांधत होती. मान वर न करता म्हणाली :

“मला वाटलं होतं, बाबा, एकदा तरी नापास व्हाल.”

शाळेतली थट्टा आहे आमची. तिच्या निकालाच्या दिवशी मी तिला असंच चिडवायचो.

१४ फेब्रुवारी, बुधवार

सकाळी कचेरीत जाऊन आलो. खूप दिवस गेलो नव्हतो. निघताना माई अंघोळीला गेली होती, म्हणून न सांगता निघालो. रस्ते बरेच बदलले आहेत. कचेरी होती तिथे टायरांचं दुकान आहे. दुकानदार मोठा सज्जन, खुर्ची दिली, पाणी दिलं, माझ्या खिशातली चिठ्ठी वाचून फोनही लावला. खिशात माईचा नंबर लिहिलेली चिठ्ठी कशी आली कळत नाही.

माई रिक्षाने आली. ओल्या केसांनीच. रिक्षात माझा हात इतका घट्ट धरला होता की घड्याळाचा पट्टा रुतला. मी तिला म्हणालो, इतकं घाबरायला काय झालं, मी कामावरच तर गेलो होतो.

२० फेब्रुवारी, मंगळवार

अर्ज फेटाळला. दीड पानाचा निकाल. बदली हा नोकरीचाच भाग आहे. अर्जदार ‘जैसे थे’ आदेशापूर्वीच कार्यमुक्त झालेल्या आहेत. वैद्यकीय अहवालानुसार वडील वयाच्या मानाने उत्तम असून स्वतःची काळजी घेण्यास समर्थ आहेत. कौटुंबिक अडचणी असल्यास अर्जदाराने खात्याकडे विनंती करावी, खात्याने तिचा सहानुभूतीने विचार करावा.

‘उत्तम’ हा शब्द मी दोनदा वाचला.

वकीलबाई म्हणाल्या, वर जाता येईल. पण तोवर रुजू व्हावंच लागेल, नाही तर पगार थांबेल आणि वर चौकशी लागेल. माईने विचारलं, वर किती दिवस? त्या म्हणाल्या, दिवस नाही हो, वर्षं. मग आज प्रथमच त्यांनी बिस्कीट नीट, न तोडता खाल्लं आणि कप ठेवताना माझ्या पायाला हात लावून नमस्कार केला. का ते कळलं नाही. मी आशीर्वाद दिला.

२२ फेब्रुवारी, गुरुवार

माई सगळीकडे फोन करते आहे. दिवसभर थांबेल अशी बाई हवी. एक मिळाली होती, तिने घर बघितलं, मला बघितलं, आणि नाही म्हणाली. मला बरोबर न्यावं का, याचाही विचार झाला. तिकडे तिला एक खोली भाड्याने मिळते आहे, तिसऱ्या मजल्यावर, प्रयोगशाळेपासून अर्धा तास लांब. खिडकीतून काय दिसतं विचारलं तर म्हणाली, भिंत.

मी तिला सांगितलं, मी इथे एकटा आरामात राहीन. कागदोपत्री सिद्ध झालं आहे.

दुपारी एक जुनी गोष्ट आठवली. टेबलावर बदलीचे लिफाफे जावक करत बसलो होतो. एक बाई आल्या, कुठल्याशा शाळेतल्या. माझ्या लिफाफ्याला आजचा क्रमांक टाकू नका म्हणाल्या. सोमवारी टाका. मुलाची परीक्षा आहे, फक्त सोमवार. मग नुसत्या उभ्या राहिल्या, दोन्ही हात टेबलाच्या कडेवर ठेवून. मी क्रमांक टाकला. त्याच दिवशीचा. टाकू नये असं काही माझ्या हातात आहे, हे मला त्या वेळी सुचलंच नाही. शिक्का मारला तेव्हा त्यांची बोटं कडेवरून उठली, एवढं आठवतं. चेहरा आठवत नाही.

हे आज का आठवावं? त्या शिपायाला मी हाक मारली नसती तर, असं काहीतरी मनात येतं आणि पुढचं हातून निसटतं. माईला विचारलं, शिपाई परत जात होता, ते मी तुला सांगितलं का ग? ती म्हणाली, सांगितलंत. कधी? वहीत लिहिलंत ना, बाबा. म्हणजे ती वही वाचते. वाचू दे. काही खोटं लिहिलेलं नाही.

२८ फेब्रुवारी, बुधवार

आज माई प्रयोगशाळेत कार्यभार सोपवते आहे. बाटल्या, तराजू, रसायनांची कपाटं, किल्ल्या, सगळं मोजून तीन नंबरच्या ताब्यात द्यायचं. उद्या पहाटेची गाडी. एक बाई मिळाली आहे, उद्यापासून येईल. क्वार्टर दोन महिने ठेवता येईल, पुढचं पुढे.

टायरच्या दुकानात जाऊन आलो त्या दिवसापासून माई बाहेर पडताना घाईघाईत बाहेरूनच कुलूप लावून जाते. बिचारी या केसपायी विसरभोळी होत चालली आहे. मी काही बोलत नाही, तिला आणखी अपराधी वाटायला नको. आजही तसंच झालं. मी जाळीच्या दाराशी खुर्ची घेऊन बसलो. समोर तिची खिडकी. पण आज ती एकदाही खिडकीत आली नाही. मोजणीत असेल.

तेवढ्यात पायऱ्यांवर एक गृहस्थ आले. माझ्याच वयाचे. शर्टाची बटणं एकेक घर चुकून लावलेली, एका पायात मोजा. जाळीला हात घालून ते दार ओढू लागले. मी म्हणालो, कोण हवंय आपल्याला? ते म्हणाले, कोण म्हणजे, घर आमचं आहे. मुलाची बदली झाली आहे इथे. मुलगा समोर आत गेलाय, चार्ज घ्यायला. मला म्हणाला, या बाकावर बसा, हलू नका. पण बाक उन्हात होता. त्यानेच काल बोटाने दाखवलं होतं, बाबा, ते मागचं घर आपल्याला मिळणार.

मग माझ्या ध्यानात आलं. तीन नंबरचे वडील.

खरं तर राग यायला हवा होता. पण उन्हातून आलेल्या माणसाला आधी पाणी विचारतात. पेला भरून आणला, तो जाळीतून जाईना. वाटी जाईना. शेवटी कपाट धुंडाळून बाहुलीच्या भातुकलीतला एक कप सापडला, तो गेला. सात वेळा भरून दिला. त्यांनी सातही वेळा ‘पुरे’ म्हटलं आणि पुन्हा हात पुढे केला.

मी त्यांना सांगितलं की दार माझ्याकडून उघडत नाही, किल्ली मुलीकडे आहे आणि मुलगी तुमच्या मुलाकडे. ते पायरीवर बसले. मी खुर्ची आणखी पुढे ओढली. मग न राहवून मी म्हणालो, तुमच्या मुलाने न्यायाधिकरणात काय लिहिलं आहे ठाऊक आहे का? तुम्हाला काही आठवत नाही आणि तुम्हाला एकटं सोडता येत नाही, असं.

त्यांनी भातुकलीचा कप पायरीवर पालथा ठेवला. मग माझ्याकडे वळून, गुपित सांगावं तसं म्हणाले :

“वकील लिहितात हो तसं. मी ठणठणीत आहे.”

मी म्हणालो, मीसुद्धा.

प्रयोगशाळेकडून कुणीतरी धावत हाका मारतं आहे. एक बाईचा आवाज, एक बुवाचा. दोघेही ‘बाबा, बाबा’ म्हणताहेत. पायरीवरच्या गृहस्थांनी मला विचारलं, तुम्हाला बोलावताहेत का? मी म्हणालो, मला वाटलं तुम्हाला. आम्ही दोघेही जागचे हललो नाही.